कुकरचा पहारेकरी

भिवपुरीकडे भातावाचून जेवण नाही. आता भात कुकरात शिजतो. त्या कुकरला एक पहारेकरी असतो. तो कुठे बसतो, पाहू या.

झाकण हातात घ्या. मधल्या नळीवर शिटी बसते. बाजूला लहान गोल बटण दिसतं. तोच सेफ्टी व्हॉल्व्ह.

उघड्या भांड्यात पाणी १०० अंशांवर उकळतं. कुकरात वाफ कोंडते, म्हणून ते सुमारे १२० अंशांपर्यंत तापतं. डाळीच्या फेसानं नळी बुजली किंवा पाणी आटलं, की उष्णता आणखी चढते. मग व्हॉल्व्हमधला धातू वितळतो आणि वाफ बाहेर पडते. पहारेकरी जातो, पण घर वाचतं.

तेव्हा गॅस बंद करा. कुकर निवू द्या. भोकात खिळा किंवा कणीक कोंबू नका, कुकर फुटेल. त्याच कंपनीचा नवा व्हॉल्व्ह बसवा. आणि रोज झाकण लावण्याआधी नळीतून उजेड दिसतो ना, एवढं पाहा.