दुकानाचा परवाना आणि जागामालकाची हरकत

जागामालक आणि दुकानदार यांच्यातील कज्जे आपल्या शहरांना नवे नाहीत. भाडे थकले, पोटभाडेकरू ठेवला, भिंत पाडली, ही कारणे सर्वांच्या परिचयाची आहेत. परंतु कित्येकदा मालक न्यायालयाची पायरी न चढता महानगरपालिकेच्या परवाना खात्याकडे अर्ज करतो : "या इसमास माझी संमती नाही, सबब त्याचा परवाना पुढे चालू ठेवू नये." वरकरणी हे काम एका कागदाचे. पण त्या कागदात एका कुटुंबाची भाकरी अडकलेली असते.

परवाना म्हणजे काय, हे आधी पाहू. मुंबईत १८८८ च्या कायद्याचे कलम ३९४ आणि राज्यातील इतर महानगरपालिकांत १९४९ च्या कायद्याचे कलम ३७६ यांन्वये काही माल साठविण्यास व काही धंदे चालविण्यास परवाना लागतो. हेतू उघड आहे. आग लागू नये, घाण होऊ नये, शेजाऱ्यापाजाऱ्यांस उपद्रव होऊ नये. जागा कोणाची, हा वाद मिटविण्यासाठी ही कलमे रचलेली नाहीत. १९४९ च्या कायद्याचे कलम ३८६ पाहावे : परवाना लबाडीने वा खोटी माहिती देऊन मिळविला असेल, अथवा त्यातील अटी मोडल्या असतील, तर आयुक्त तो रद्द करू शकतात. मालकाची नाराजी हे कारण तेथे सांगितलेले नाही.

मग मालकाला काहीच म्हणायचे नाही काय? तसे नव्हे. वह्या-पुस्तके विकण्यास दिलेल्या गाळ्यात पिठाची गिरणी बसली आणि जुन्या वाड्याच्या भिंती हादरू लागल्या, तर त्याची तक्रार रास्तच होय. ज्या कामासाठी जागा दिली त्याहून वेगळ्या कामास ती वापरू नये, हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम १०८ मध्ये आहे, आणि १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम १६ नुसार तो जागा खाली करून मागण्याचा आधार ठरतो. पण तो दावा दिवाणी न्यायालयात चालावयाचा. मुंबईत तो लघुवाद न्यायालयात चालतो. परवाना कारकुनाच्या टेबलावर तो निकालात निघू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

येथे एक निवाडा मात्र भाडेकरूंनी विसरू नये. मद्रासमध्ये चित्रपटगृहाच्या परवान्यासाठी अर्जदार स्वतः मालक नसल्यास त्याने आपला ताबा कायदेशीर असल्याचा पुरावा द्यावा, असा नियम होता. एका चित्रपटगृहाच्या भाडेपट्ट्याची मुदत संपली, तरी भाडेकरू हटेना. चोकलिंगम विरुद्ध माणिकवासगम या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७३ साली सांगितले की, भाडेकरूला बळजबरीने हुसकावता येत नाही हे खरे. पण तेवढ्याने त्याचा ताबा परवान्याच्या दृष्टीने कायदेशीर ठरत नाही. तात्पर्य, नियमाचे शब्द काय आहेत हे पाहिल्यावाचून उत्तर देता येत नाही.

या खेळीतील खरी मेख वेगळीच आहे. परवाना अडला की दुकान बंद पडते. भाडे कायद्याच्या कलम १६ मध्ये असेही आहे की, ज्या कामासाठी जागा दिली त्यासाठी ती दाव्यापूर्वी सलग सहा महिने वाजवी कारणावाचून वापरली नाही, तर ताबा मागता येतो. म्हणजे आधी परवाना अडवावा आणि मग 'दुकान बंद आहे' म्हणून दावा लावावा! परवाना मिळू दिला नाही हेच वाजवी कारण होय, असे भाडेकरू न्यायालयात सांगू शकतो व सांगावेही. परंतु ते सिद्ध होईतो ग्राहक दुसरीकडे वळलेला असतो, आणि त्याला परत आणून देण्याची सोय कोणत्याही हुकूमनाम्यात नाही.

म्हणून खबरदारी आधीच घ्यावी. भाड्याची लेखी पावती देणे मालकावर बंधनकारक आहे. ती दरमहा मागून घ्यावी. तो भाडे घेईना, तर मनीऑर्डरने पाठवून परत आलेली पावती जपावी. महानगरपालिकेची नोटीस आल्यास तिला मुदतीत लेखी उत्तर द्यावे, आणि त्यात जागेचा वाद न उगाळता परवान्याच्या अटी आपण पाळल्या आहेत एवढेच पुराव्यानिशी मांडावे. इतके करूनही नकार आला, तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयाचे दार उघडे आहे; आणि तेथे पहिल्याच दिवशी या पावत्या व हे उत्तर मागितले जाते.