काम कायमचे, कामगार हंगामी

सरकारी कार्यालयात झाडलोट करणारा किंवा पाणी भरणारा कामगार अनेकदा रोजंदारीवर असतो. काम वर्षानुवर्षे चालते. तो मात्र हंगामीच राहतो. निवृत्तिवेतन नाही, भरपगारी रजा नाही. अशा कामगाराला सेवेत कायम करावे काय?

१० एप्रिल २००६ रोजी, कर्नाटकातील रोजंदारी कर्मचाऱ्यांच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने निर्णय दिला की, केवळ दीर्घ सेवेमुळे कायमपणाचा हक्क मिळत नाही. संविधानाच्या सोळाव्या अनुच्छेदानुसार सरकारी नोकरीची संधी सर्वांना समान हवी. मागच्या दाराने आलेला कायम झाला, तर भरतीच्या जाहिरातीची वाट पाहणाऱ्यावर अन्याय होतो. मात्र मंजूर पदावर, न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना, दहा वर्षे काम केलेल्या पात्र कर्मचाऱ्यांचा एकवेळ विचार करावा, असेही पीठाने सांगितले. ही दुसरी बाजू अनेक कार्यालये सोयीस्करपणे विसरली.

केंद्रीय जल आयोगातील काही सफाई कामगारांना २०१८ मध्ये काढून टाकण्यात आले आणि त्यांचे काम कंत्राटदाराकडे गेले. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना सेवेत कायम करण्याचा आदेश दिला. अशा दाव्यात हजेरीपट आणि वेतनाच्या पावत्या हा मोठा पुरावा असतो. तोंडी हुकमावर कामाला लागलेल्यांजवळ बहुधा तोच नसतो.