बाभळीचे गाव आणि बाभळीचे नाव

लातूरजवळचे बाभळगाव आणि नांदेड जिल्ह्याच्या धर्माबाद तालुक्यातील गोदाकाठची बाभळी ही दोन्ही गावे एकाच झाडाचे नाव लावतात. मात्र बाभळी म्हटले की वाचकांना आठवतो तो सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली निकाल दिलेला बंधारा, झाड नव्हे. त्या झाडाचाही एक तंटा झाला आणि तो नावाचा होता.

‘अकेशिया’ हे नाव मुळात बाभळीचेच. ग्रीक वैद्य डायोस्कोरिडीस नाईलच्या देशातील या काटेरी झाडाला ‘अकाकिया’ म्हणत असे, आणि अकेशिया या प्रजातीची, म्हणजे नात्यातील जातींच्या गटाची, नमुना-जाती बाभूळच होती. नमुना-जाती जिथे जाईल तिथे प्रजातीचे नाव जाते. पुढे या गटाची वाटणी करणे भाग पडले, तेव्हा ऑस्ट्रेलियातील जाती हजाराच्या घरात असल्याने नाव त्यांनाच द्यावे, अशी शिफारस २००५ साली व्हिएन्नाच्या आंतरराष्ट्रीय वनस्पतिशास्त्र परिषदेपुढे आली. सुमारे ५५ टक्के मते विरोधात पडली, तरी शिफारस फेटाळण्यासाठी ६० टक्के लागत असल्याने ती टिकली आणि २०११ साली, तेही मेलबर्नमध्येच, कायम झाली. बाभूळ आता ‘व्हॅचेलिया निलोटिका’ आहे. व्हॅचेल हा चीनमध्ये वनस्पती गोळा करणारा एक पाद्री होता.

ज्यांना नाव मिळाले त्या ऑस्ट्रेलियन झुडपांना तिकडे ‘वॉटल’ म्हणतात, कारण सुरुवातीच्या गोऱ्या वसाहतकारांनी त्यांच्या लवचीक फांद्या विणून, वर चिखल लिंपून घरे उभारली. मराठवाड्यात हाच कूड. फक्त विणायला तुराट्या किंवा पऱ्हाट्या आणि लिंपायला शेणमाती. बाभळीचे जड, चिवट लाकूड कुडासाठी नसते. ते गाडीच्या तुंब्यात, आऱ्यांत आणि औतात जाते. रुक्ष हवेशी झुंजण्याच्या दोघांच्या रीतीही निराळ्या: बऱ्याच वॉटलांत देठच चपटा होऊन पानाचे काम करतो, तर बाभळीची बारीक पर्णिका असलेली पाने पांढऱ्या काट्यांच्या जोड्यांमागे राहतात. फूल मात्र दोघांचे सारखेच. पिवळ्या गोंड्याचा रंग पाकळ्यांचा नसतो, तो दाटीने उभ्या असलेल्या पुंकेसरांचा असतो.

थिओडोर कुक यांनी मुंबई इलाख्याच्या वनस्पतींची नोंद करताना बाभळीच्या एका प्रकाराला ‘वेडियाना’ म्हटले, ते ‘वेडी बाभूळ’ या मराठी नावावरूनच. आज बांधावर ज्या झुडपाला वेडी बाभूळ म्हणतात, ते बहुधा अमेरिकेतून आलेले प्रोसोपिस असते; त्याच्या फुलांचे लोंबते तुरे पाहिले की गल्लत होत नाही. शेतकऱ्याची पसंती असते ती रामकाठी बाभळीला, कारण तिचा शेंडा खराट्यासारखा निमुळता असल्याने पिकावर सावली थोडीच पडते. तिची लागवड बरीचशी शेळ्याच करतात: शेंगा खाल्ल्यावर पोटातून गेलेल्या बीचे टणक कवच मऊ होते आणि पहिल्या पावसानंतर लेंड्यांतून रोप वर येते.