पाणी हीच धावपट्टी: एम्पायर फ्लाइंग बोटीची गोष्ट

आजचा प्रश्न साधा आहे. १९३० च्या दशकात इंग्लंडहून भारतात, पुढे ऑस्ट्रेलियापर्यंत विमान न्यायचंय, पण वाटेत मोठ्या विमानाला पेलतील अशा धावपट्ट्याच फारशा नाहीत. मग उतरायचं कुठे? उत्तर होतं, पाण्यावर! बंदरं, नद्या, तलाव तर आधीपासून आहेतच.

ब्रिटिश सरकारला साम्राज्यभरची टपाल विमानाने न्यायची होती. म्हणून इम्पीरियल एअरवेज कंपनीने १९३५ मध्ये शॉर्ट ब्रदर्सला २८ फ्लाइंग बोटींची ऑर्डर दिली. गंमत म्हणजे, तेव्हा विमान फक्त कागदावर होतं! वेगळा प्रोटोटाइप नाहीच. मी सॉफ्टवेअरवाला, त्यामुळे हे ऐकूनच मला घाम फुटतो. पहिलं विमान ‘कॅनोपस’ जुलै १९३६ मध्ये उडालं, आणि चक्क नीट उडालं.

डिझायनर होते आर्थर गूज. त्यांच्यापुढची अडचण बघा. एकाच यंत्राला बोट पण व्हायचंय आणि विमान पण. नळाच्या धारेला चमच्याची पाठ लावून बघा, चमचा धारेकडे ओढला जातो. तसंच पाणी विमानाच्या गोलसर पोटाला चिकटतं, सोडतच नाही. म्हणून फ्लाइंग बोटीच्या पोटाला पायरीसारखा खाच असलेला भाग ठेवतात. वेग वाढला की पाणी त्या पायरीपाशी सुटतं, मागे हवा शिरते, आणि बोट पाण्यावरून घसरत घसरत वर उठते. पण हवेत गेल्यावर हीच पायरी वाऱ्याला अडवते. फुकट काहीच मिळत नाही!

दुसरी अडचण, पंख्यांवर उडणारं पाणी. आधीच्या बोटींना दुहेरी पंख असायचे, खांबांवर उंच बसवलेले. गूज यांनी एकच पंख घेतला आणि थेट उंच पोटाच्या माथ्यावर ठेवला. चारही इंजिनं पाण्यापासून लांब राहिली. उंचीमुळे आत दोन मजले झाले: वर वैमानिक आणि टपाल, खाली २४ प्रवासी. खिडकीशी उभं राहून बाहेर बघायला वेगळी जागासुद्धा होती! शिवाय पंखाच्या मागे सरकणारे खास फ्लॅप, म्हणजे उतरताना वेग कमी.

आपल्याकडे या बोटी कराचीनंतर राजस्थानातल्या राजसमंद तलावावर उतरायच्या, मग ग्वाल्हेर, अलाहाबाद, कलकत्ता.

आता कुणाला वाटेल, इंजिन बंद पडलं तरी काय बिघडलं, खाली समुद्र आहेच की! इथेच खरी मेख आहे. २१ जानेवारी १९३९ ला ‘कॅव्हेलियर’ न्यूयॉर्कहून बर्म्युडाला निघाली. कार्ब्युरेटरमध्ये बर्फ साचला, इंजिनांची ताकद गेली, आणि तिला खवळलेल्या अटलांटिकवर उतरावं लागलं. ती बुडाली. १३ पैकी ३ जण गेले. बाकीचे १० जण सुमारे १० तास पाण्यात तरंगत राहिले, तेव्हा एका टँकरने त्यांना वाचवलं.

म्हणजे शांत तलाव ही धावपट्टी असते, खवळलेला समुद्र नाही. पुढे महायुद्धात जगभर पक्क्या धावपट्ट्या झाल्या, आणि फ्लाइंग बोटीचं मुख्य कारणच संपलं. विमान बदलण्याआधी जमीन बदलली होती.