मुलांना बाई किंवा सर आवडू लागतात तेव्हा

दुसरीतला मुलगा रविवारीही शाळेत जायचं म्हणतो, बाईंच्या साडीचा रंग घरी येऊन सांगतो आणि मोठेपणी त्यांच्याशीच लग्न करणार असं जाहीर करतो. सातवीतली मुलगी सरांच्या तासाआधी वेणी सारखी करते आणि त्यांचं नाव निघालं की गप्प होते. घरच्यांना कधी हसू येतं, कधी धास्ती वाटते. खरं तर ही वाढत्या वयातली अगदी स्वाभाविक भावना आहे. ती जपून हाताळणं मात्र मोठ्यांच्या हाती असतं.

वयाप्रमाणे अर्थ बदलतो

पाच-सात वर्षांच्या मुलाच्या लेखी लग्न म्हणजे आवडत्या माणसाजवळ कायम राहणं. त्यात यापेक्षा अधिक काही शोधू नये. वयात येण्याची सुरुवात मुलींमध्ये साधारण 8 ते 13 आणि मुलांमध्ये 9 ते 14 या वर्षांत होते. त्यानंतर या ओढीत लाज, स्वप्नरंजन आणि शारीरिक आकर्षणही मिसळतं. कधी मुलीला बाई किंवा मुलाला सर आवडतात. त्यात बहुधा ‘मला असं व्हायचंय’ ही इच्छाही असते.

शिक्षकच का?

घराबाहेर रोज भेटणारं, नावाने हाक मारणारं, चुकलं तर समजावणारं पहिलं मोठं माणूस बहुतेकदा शिक्षक असतं. सिग्मंड फ्रॉइड यांनी आपल्या जुन्या शाळेच्या पन्नाशीनिमित्त 1914 मध्ये लिहिलेल्या लेखात म्हटलं होतं, की घरच्या माणसांविषयीच्या भावना मुलं शिक्षकांकडे वळवतात. ‘मेरा नाम जोकर’ (1970) या चित्रपटात ऋषी कपूर यांनी साकारलेला शाळकरी राजू आपल्या शिक्षिकेच्या प्रेमात पडतो. त्याचं दुःख मोठ्यांच्या दुःखाइतकंच खरं आहे, हे तो चित्रपट मनापासून मानतो.

घरी काय करावं?

चिडवू नये. पाहुण्यांसमोर हा किस्सा रंगवून सांगू नये. वही किंवा डायरी चोरून वाचू नये. ‘बाईंचं काय आवडतं तुला?’ असं सहज विचारावं. ‘त्या ओरडत नाहीत’, ‘माझं ऐकून घेतात’ अशी उत्तरं आली, तर मुलाला कशाची भूक आहे ते कळतं. अभ्यास, झोप, जेवण बरेच दिवस बिघडलं, तर समुपदेशकाची मदत घ्यावी.

शिक्षकांनी काय करावं?

5 सप्टेंबरला, शिक्षकदिनी, दिलेलं गुलाबाचं फूल इतरांच्या फुलांइतक्याच आनंदाने घ्यावं. चिठ्ठी मिळाली तर ती वर्गात वाचून दाखवू नये. मुलाला एकट्याला भेटायला बोलावणं, रात्री खासगी मेसेज पाठवणं, एकट्यालाच भेटवस्तू देणं टाळावं. मुलाशी प्रेमाने वागावं, पण अंतर स्पष्ट असावं.

धोका कुठे असतो?

मुलाला कुणी आवडणं यात धोका नाही. मोठ्या माणसाने त्याचा फायदा घेणं हा धोका आहे. मुलांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणाऱ्या 2012 च्या पॉक्सो कायद्यानुसार 18 वर्षांखालील प्रत्येक व्यक्ती बालक आहे. लैंगिक वर्तनाला तिची संमती होती, हा बचाव चालत नाही. शाळेतल्या शिक्षकाने किंवा कर्मचाऱ्याने तिथल्या विद्यार्थ्यावर लैंगिक अत्याचार केला, तर कायदा तो अधिक गंभीर मानतो. असा प्रकार कळूनही पोलिसांना न कळवणं हाही गुन्हा आहे. 1098 या बालक मदतवाहिनीच्या क्रमांकावर मुलं स्वतःही मदत मागू शकतात.

‘हे आपलं गुपित, घरी सांगू नकोस’ असं कुणी मोठं माणूस म्हणालं, तर ते लगेच घरी सांगायचं, हे मुलाला आधीच शिकवून ठेवावं. सातव्या वर्षी ‘मला बाई आवडतात’ म्हटल्यावर ज्या मुलाची थट्टा झाली नाही, ते चौदाव्या वर्षी नको असलेल्या स्पर्शाबद्दलही घरी बोलू शकतं. आज त्याचं शांतपणे ऐकून घ्यायचं, ते यासाठीच.