तिनालक (वस्त्र)

तिनालक हे फिलिपिन्समधील तिबोली या आदिवासी जमातीच्या स्त्रिया अबाकाच्या वाखापासून विणत असलेले पारंपरिक वस्त्र आहे. ही जमात मिंदानाओ बेटावरील साउथ कोताबातो प्रांतात, मुख्यतः सेबू सरोवराच्या परिसरात राहते. वस्त्रावरील नक्षी विणकर स्त्रीला स्वप्नात दिसते आणि अबाकाचे रक्षण करणारी फू दालू ही शक्ती ती दाखवते, अशी तिबोलींची श्रद्धा आहे. त्यामुळे या स्त्रिया ‘स्वप्ने विणणाऱ्या’ म्हणून ओळखल्या जातात. स्वप्ने कापडात उतरवणारी यंत्रे कल्पित कथांमध्ये भेटतात. येथे मात्र बांबूच्या काही काठ्या, कमरेचा पट्टा आणि विणकर स्त्रीची स्मरणशक्ती एवढ्यावरच सारे काम चालते.

धागा

अबाका ही केळीच्या कुळातील वनस्पती होय. तिचा वाख ‘मनिला हेम्प’ या नावाने जहाजांच्या दोरखंडांसाठी जगभर वापरला गेला. खुंटाची सोपटे सोलून, सुरीखाली खरवडून वाख काढतात, तो वाळवतात आणि बोटांनी केसासारखा बारीक चिरतात. कापसाप्रमाणे तो कातला जात नाही. एका तंतूचे टोक दुसऱ्याला गाठ मारून जोडत लांब धागा तयार करतात. हा धागा उन्हाच्या तापाने ठिसूळ होऊन तुटतो, म्हणून विणकाम पहाटे किंवा रात्रीच्या गारव्यात करण्याची रीत आहे.

नक्षी कोठे तयार होते

तिनालकची नक्षी मागावर तयार होते, असा सर्वसाधारण समज असतो. प्रत्यक्षात ती विणकामाला आरंभ होण्यापूर्वीच पूर्ण झालेली असते. महाराष्ट्रातील वाचकांना इकत किंवा पोचमपल्ली साड्यांमुळे परिचित असलेले, धागे आधी बांधून रंगवण्याचे तंत्रच येथे वापरतात. ताण्याचे, म्हणजे उभे, धागे चौकटीवर ताणून बसवतात आणि जो भाग काळा होऊ द्यायचा नसेल तेथे धाग्यांचे लहान लहान पुंजके घट्ट बांधतात. या बांधणीला तिबोली भाषेत ‘मेबेद’ म्हणतात. त्यानंतर क्नालुम या झाडाच्या पानांच्या काढ्यात धागे कित्येक दिवस उकळून काळे केले जातात. मग काही गाठी सोडून, लोको या झाडाच्या मुळांपासून मिळणारा तांबडा रंग देतात. उरलेल्या गाठी सर्वांत शेवटी सोडल्या की तेथे वाखाचा मूळचा फिकट रंग दिसतो. काळा, तांबडा आणि हा फिकट पांढरा, एवढेच परंपरागत तिनालकचे रंग.

या टप्प्यावर कोणताही कागद, आराखडा किंवा खुणांची पट्टी वापरली जात नाही. स्वप्नात दिसलेली आकृती विणकर स्त्रीला शेकडो धाग्यांवरील गाठींच्या हिशेबात मनातल्या मनात बसवावी लागते. एक पुंजका सरकला तर डावी बाजू उजवीशी जुळणार नाही. स्वप्नाविषयी कोणाची श्रद्धा असो वा नसो, ही गणिती स्मृती मात्र कोणालाही तपासून पाहता येते. तिनालकवर लिहिणारे बहुतेक लेखक स्वप्नापाशीच थांबतात आणि तिच्याकडे दुर्लक्ष करतात, हे खेदजनक आहे.

माग कमरेला बांधून चालवायचा असतो. त्याचे एक टोक घराच्या तुळईला अडकवलेले असते आणि दुसऱ्या टोकाचा पट्टा विणकर स्त्रीच्या पाठीमागून जातो. ती मागे रेलली की ताणा ताठ होतो. आडवा धागा, म्हणजे बाणा, एकरंगी असतो. एका वस्त्राला काही महिने लागतात. विणून झालेले कापड कवडीने घासून त्याला चकाकी आणली जाते.

लांग दुलाय

लांग दुलाय (१९२८–२०१५) ही या कलेतील सर्वांत प्रसिद्ध विणकर होय. वयाच्या बाराव्या वर्षी ती आईकडून विणायला शिकली. ढगांची, फुलपाखरांची आणि मगरींची नक्षी हे तिचे विशेष. फिलिपिन्स शासनाने १९९८ मध्ये तिला पारंपरिक कलावंतांसाठीचा ‘गावाद सा मान्लिलिखा नांग बायान’ हा सर्वोच्च सन्मान दिला. हा सन्मान १९९२ च्या कायद्याने सुरू झाला असून कला पुढच्या पिढीला शिकवणे ही त्याची अट आहे. लांग दुलायने सेबू सरोवराजवळील आपल्या विणकामघरात मुलींना व नातवंडांना शिकवले. बार्बरा ओफोंग या तिबोली विणकर स्त्रीला २०२३ मध्ये हाच सन्मान मिळाला.

तिनालक विणणारी प्रत्येक स्त्री स्वप्न पाहणारी नसते. अनेकजणी आई-आजीकडून आलेल्या आकृती पाठ करून विणतात. नव्या आकृतीचे स्वप्न पडणाऱ्या स्त्रीला मात्र समाजात वेगळा मान असतो.

निर्बंध आणि बाजार

तिनालक वधूमूल्यात दिले जाते, तसेच विवाह व जन्म या प्रसंगी पांघरूण म्हणून वापरले जाते. विणकाम चालू असताना विणकर स्त्रीने ब्रह्मचर्य पाळावे, पुरुषांनी धाग्यांना हात लावू नये आणि विणलेले कापड कोणी ओलांडू नये, असे संकेत आहेत. सर्वांत कडक निर्बंध कापड कापण्यावर आहे. कापल्यास आजार ओढवतो असे मानतात. विकावे लागलेच तर फू दालूच्या समाधानासाठी कापडाला पितळी कडे जोडतात.

पर्यटकांना मात्र पिशव्या, पाकिटे आणि टेबलावरची आच्छादने हवी असतात, आणि ती कापल्याशिवाय होत नाहीत. या विक्रीवर अनेक घरांचा संसार चालतो, त्यामुळे केवळ परंपरेचा दाखला देऊन ती बंद करा म्हणणे न्याय्य नाही. दुसरा प्रश्न मालकीचा आहे. यंत्रावर छापलेली हुबेहूब नक्कल स्वस्तात विकली गेली तर दाद कोणी मागायची? स्वामित्वहक्काचा सर्वसाधारण कायदा एका ज्ञात निर्मात्याला आणि ठरावीक मुदतीलाच ओळखतो. तिबोलींच्या मते मात्र नक्षीचा खरा धनी फू दालू असून विणकर स्त्री ती केवळ स्वीकारते. फिलिपिन्सच्या १९९७ च्या आदिवासी हक्क कायद्याने समूहाचे बौद्धिक हक्क मान्य केले आहेत. पण एखादी विशिष्ट आकृती कोणाच्या स्वप्नातून आली, हे न्यायालयात सिद्ध करण्याजोगा कागद कोणत्याही विणकर स्त्रीपाशी नसतो, कारण ती आकृती कागदावर कधी उतरवलेलीच नसते.