विश्लेषण : नाव ‘१०८०पी’, मग चित्र धूसर का?

फाइलच्या नावात ‘१०८०पी’ असते, मोबाइलवर चित्रही ठीक दिसते. पण गिरगाव-लालबागच्या एखाद्या मंडळाने तीच फाइल मंडपातल्या मोठ्या पडद्यावर लावली की रेषा फुटतात, आकाशात पट्टे उमटतात. अ‍ॅनिमेशनपटांत हे जास्त खटकते.

नावातून काय कळते?

पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनचा ‘एक अनेक और एकता’ हा विजया मुळे दिग्दर्शित अ‍ॅनिमेशनपट घेऊ. समजा, फाइलचे नाव ‘एकअनेक.१९७४.१०८०पी.वेब-डीएल.एक्स२६५.१०बिट.एमकेव्ही’ आहे. १९७४ हे चित्रपटाचे वर्ष, प्रतीचे नव्हे. १०८० म्हणजे चित्रातील आडव्या ओळी. वेब-डीएल म्हणजे ऑनलाइन सेवेवरून थेट घेतलेली प्रत (परवानगीचा प्रश्न वेगळा). एक्स२६५ हे व्हिडिओ आवळणारे सॉफ्टवेअर. एमकेव्ही हा नुसता डबा, त्यावरून दर्जा ठरत नाही. आणि नाव कुणीही बदलू शकतो. टीव्हीसाठीची ५७६ ओळींची जुनी प्रत ताणून १०८० केली, तर नवा तपशील येणार कुठून?

अ‍ॅनिमेशनचे वेगळे काय?

सपाट रंग आणि ठळक रेषा. सेकंदाला २४ चौकटी असल्या तरी अनेकदा एकच चित्र सलग दोन चौकटींत वापरतात. न बदललेल्या चित्राला फारशी जागा लागत नाही, त्यामुळे फाइल लहान म्हणजे वाईटच, असे नाही. मात्र हात आखडता घेतला की रेषांभोवती गढूळ ठिपके दिसतात. हलक्या निळ्यातून गडद निळ्यात जाणाऱ्या आकाशाचे पट्टे पडतात, कारण ८ बिटमध्ये प्रत्येक मूळ रंगाच्या २५६च छटा मिळतात. १० बिटमध्ये त्या १०२४ होतात. अर्थात, आधीच पडलेले पट्टे नुसते १० बिट केल्याने जात नाहीत.

तपासायचे कसे?

व्हीएलसी किंवा मीडियाइन्फोमध्ये खरा कोडेक, बिटरेट, बिट डेप्थ दिसते. ओळी ताणलेल्या आहेत का, हे मात्र डोळ्यांनीच पाहावे लागते: चित्र थांबवून रेषेची कड बघावी. त्या काळचे असे बोधपट साधारण ४:३ चौकटीचे. तो रुंद पडदा काठोकाठ भरत असेल, तर चित्र कापलेले किंवा ताणलेले आहे. व्हॉट्सअ‍ॅपवर फाइल व्हिडिओ म्हणून पाठवली की पुन्हा आवळली जाते, म्हणून ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवावी किंवा पेनड्राइव्ह द्यावा. शिवाय जुने टीव्ही १० बिट एक्स२६५ फाइल अनेकदा चालवतच नाहीत. त्यामुळे चाचणी आदल्या दिवशीच, त्याच पडद्यावर घ्यावी.